माथ्यावरच्या गावाची शिरगणती

रायगड जिल्ह्याची लोकसंख्या २००१ च्या जनगणनेत सुमारे २२ लाख होती. २०११ मध्ये ती २६ लाखांच्या पुढे गेली. पनवेल फुगले, कर्जत वाढले, नेरळच्या भातखाचरांत इमारती उभ्या राहिल्या. याच दहा वर्षांत याच जिल्ह्यातले एक गाव मात्र आक्रसले. त्याची लोकसंख्या २००१ मध्ये ५,१३९ होती, ती २०११ मध्ये ४,३९३ झाली. म्हणजे ७४६ माणसे कमी झाली. दर शंभरांतली चौदा-पंधरा.

हे गाव कुठे आडबाजूला, रोगराईने किंवा दुष्काळाने उठलेले नाही. ते आपल्या सर्वांच्या परिचयाचे माथेरान आहे. शनिवार-रविवारी तिथे पाय ठेवायला जागा नसते. मुंबई-पुण्याची माणसे ‘दोन दिवस हवापालट’ म्हणून जातात, चिक्की आणि चपला घेऊन परततात आणि ‘काय ती गर्दी’ म्हणतात. मग गर्दीने ओसंडणारे हे गाव रिकामे का होते आहे? भूगोलाचा शिक्षक म्हणून या प्रश्नाने मला बरीच वर्षे सोबत केली आहे. त्याचे उत्तर शोधायचे तर आधी जमीन पाहावी लागते आणि मग माणसे. आज त्याच क्रमाने जाऊ या.

कागदाविना नकाशा

नभोवाणीवर नकाशा दाखवता येत नाही. तेव्हा आपला डावा हात टेबलावर पालथा ठेवा आणि बोटे थोडी फाकवा. मनगटाकडचा, हाताच्या पाठीचा भाग म्हणजे माथेरानचे पठार. बोटे म्हणजे त्याच्या सोंडा. प्रत्येक सोंडेच्या टोकाला कडा आहे आणि प्रत्येक कड्याच्या टोकाला एक ‘पॉइंट’. पॅनोरमा, गार्बट, अलेक्झांडर, वन ट्री हिल, लुईझा, पॉर्क्युपाइन. आपण पर्यटक ज्यांना पॉइंट म्हणतो, ती भूगोलाच्या दृष्टीने एका झिजत चाललेल्या पठाराची टोके आहेत.

माथेरान सह्याद्रीच्या मुख्य रांगेवर नाही, हे अनेकांच्या लक्षात येत नाही. मुख्य रांग पूर्वेला, भीमाशंकर ते खंडाळा अशी जाते. मधे उल्हास नदीचे खोरे आहे. त्याच्या पश्चिमेला सुटी पडलेली एक डोंगररांग उभी आहे. मलंगगड, चंदेरी, नाखिंद, पेब, माथेरान, प्रबळगड, इरशाळगड ही सगळी तिची किंवा तिच्या आसपासची मंडळी. या सगळ्यांत माथा रुंद आणि सपाट, शिवाय माणसाने कायमची वस्ती करावी असा, तो माथेरानचाच. उंची समुद्रसपाटीपासून सुमारे ८०० मीटर. पायथ्याशी नेरळला घामाने अंग भिजलेले असते आणि वर पोचेपर्यंत वाऱ्याने सुकते, ते या उंचीमुळे.

हा डोंगर म्हणजे थरांची चळत आहे. साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच्या सुमारास दख्खनवर लाव्हाचे लोटामागून लोट पसरले. ते थंड होऊन काळा कातळ झाला. एकावर एक रचलेल्या भाकऱ्यांसारखे हे थर कड्यावर स्पष्ट दिसतात. सर्वांत वरच्या थराला लाखो वर्षे ऊन-पाऊस लागून त्याचा जांभा झाला. माथेरानची लाल माती, जी आपल्या पांढऱ्या कपड्यांवर घरापर्यंत सोबत येते, ती या जांभ्याची.

जांभा सच्छिद्र असतो. पावसाचे पाणी तो पिऊन टाकतो. खालचा कातळ मात्र पाणी सहजासहजी आत घेत नाही. त्यामुळे जांभा आणि कातळ जिथे भेटतात, तिथे कडेने झरे फुटतात. पावसाळ्यात चार महिने डोंगर गळत असतो आणि उन्हाळ्यात त्याच्या माथ्यावर पाणी शोधावे लागते. पाणी पूर्वेला उतरले की उल्हासला मिळते, पश्चिमेला उतरले की पनवेलच्या गाढी नदीला. दक्षिणेला धावरी नदीवर मोरबे धरण आहे आणि नवी मुंबईचे नळ त्यावर चालतात. म्हणजे माथेरानच्या परिसरात पडलेला पाऊस खालच्या लाखो लोकांच्या कामी येतो. वरच्या चार हजारांसाठी मात्र शार्लोट तलाव आहे आणि तो पुरत नाही म्हणून खालून, नेरळच्या बाजूने पंपाने चढवलेले पाणी. मिनी ट्रेनच्या वाटेवर ‘वॉटर पाइप’ नावाचे स्टेशन लागते. त्या नावातच गावाची ही जुनी गरज नोंदली गेली आहे.

शेत नसलेले गाव

एकदा विद्यार्थ्यांना घेऊन गेलो असता एका मुलाने विचारले, “सर, इथली शेतं कुठं आहेत?” प्रश्न साधा होता, पण मर्मावर बोट ठेवणारा. माथेरानला शेते नाहीत. पठार जेमतेम सात चौरस किलोमीटरचे, त्यातला बहुतेक भाग दाट सदाहरित झाडीचा. जांभूळ, अंजनी, हिरडा यांच्या सावलीत खालची जमीन दिसतही नाही. नांगर धरावा अशी सलग मोकळी जमीन इथे कधी नव्हतीच.

आपल्याकडे गाव वसते ते साधारणपणे पाण्याच्या आणि पिकाच्या आधाराने. नदीकाठी वस्ती होते, भोवती शिवार असते, शिवाराच्या पोटात माणसे मावतील तेवढी राहतात. माथेरानचे तसे नाही. तांदूळ, भाजी, दूध, गॅसचे सिलिंडर, विटा, सिमेंट, औषधे, वह्या-पुस्तके यांतले जवळजवळ सर्व काही खालून वर येते. आणि ते येते ते दुसऱ्याच्या खांद्यावरून, डोक्यावरून किंवा घोड्याच्या पाठीवरून. शेतावर जगणाऱ्या गावाला पाऊस चुकला की धास्ती वाटते. माथेरानला वाहतूक चुकली की वाटते.

हे गाव वसले तेच मुळी वाहतुकीमुळे. डोंगराचा माथा धनगर, ठाकर, कातकरी या लोकांच्या पायाखालचा होता. ठाण्याचे कलेक्टर ह्यू पॉइंट्झ मॅलेट हे १८५० च्या मे महिन्यात वर चढले, तेव्हा त्यांनी हे ठिकाण ‘शोधले’ असे पुस्तकात लिहिलेले असते. त्यांना वाट दाखवणाऱ्यांना ते आधीपासून सापडलेलेच होते. पुढे गव्हर्नर लॉर्ड एल्फिन्स्टन यांनी इथे लक्ष घातले. १८५६ मध्ये कल्याणहून खोपोलीकडे जाणारी रेल्वे नेरळवरून धावू लागली आणि मुंबई एकदम जवळ आली. इंग्रज अधिकाऱ्यांमागून पारशी, बोहरी, गुजराती धनिक आले, त्यांचे बंगले उठले. बंगल्यांमागून माळी, खानसामे, भिस्ती, न्हावी, धोबी, मोची, घोडेवाले आणि दुकानदार आले. आजची गावकरी मंडळी म्हणजे बरीचशी त्यांची नातवंडे-पतवंडे.

१९०७ मध्ये नेरळ-माथेरान ही दोन फूट रुंदीची रेल्वे सुरू झाली. तिचा खर्च सर आदमजी पीरभॉय यांच्या घराण्याने केला आणि त्यांचे चिरंजीव अब्दुल हुसेन यांनी ती तडीस नेली. एकवीसेक किलोमीटरची ही वाट म्हणजे डोंगराला घातलेला नागमोडी वेढा. घाटरस्ता याच्या निम्म्याहूनही कमी लांबीचा आहे, पण चढ सौम्य राहावा म्हणून रेल्वेला वळसे घ्यावे लागले. पर्यटकाच्या दृष्टीने ती खेळण्यातली गाडी आहे. गावाच्या दृष्टीने शंभर वर्षे ती नाळ होती.

सेवा करणाऱ्यांच्या या वस्तीतून निघालेली माणसे नुसती सेवेपुरती राहिली नाहीत, हेही सांगायला हवे. विठ्ठल लक्ष्मण कोतवाल, म्हणजे भाई कोतवाल, १ डिसेंबर १९१२ रोजी माथेरानात एका न्हावी कुटुंबात जन्मले. वकील झाले, माथेरानच्या नगरपालिकेत उपाध्यक्ष झाले. भोवतालच्या वाड्यांतल्या आदिवासींसाठी त्यांनी शाळा काढल्या, सावकारीला पर्याय म्हणून धान्यकोठ्या काढल्या. १९४२ च्या लढ्यात त्यांचा आझाद दस्ता मुंबईला वीज नेणारे मनोरे पाडत होता. २ जानेवारी १९४३ रोजी सिद्धगडाच्या जंगलात पोलिसांच्या गोळीबारात ते आणि हिराजी पाटील हुतात्मा झाले. माथ्यावरचे गाव आणि उतारावरच्या वाड्या या दोन्हींना एकत्र धरून विचार करणारा हा माणूस होता. आज जनगणनेचा विचार करताना मला तो मुद्दाम आठवतो. का, ते पुढे सांगतो.

शहर कशाला म्हणायचे?

आता माणसे मोजू. माथेरान जनगणनेच्या वहीत ‘शहर’ म्हणून नोंदलेले आहे. २०११ मध्ये पायथ्याचे नेरळ त्याच्या कितीतरी पट मोठे होते, पण तिथे कारभार ग्रामपंचायतीचा होता. हा उलटा न्याय वाटतो. त्याचा उलगडा असा.

आपल्या जनगणनेत शहर दोन वाटांनी ठरते. पहिली वाट कायद्याची. जिथे महानगरपालिका, नगरपरिषद, नगरपंचायत किंवा कॅन्टोन्मेंट आहे, ते ठिकाण लोकसंख्या कितीही असो, शहरच. दुसरी वाट कसोटीची, आणि तिच्या तीन अटी आहेत. किमान ५,००० लोकवस्ती, पुरुष कामकऱ्यांपैकी किमान ७५ टक्के शेतीबाहेरच्या कामात आणि दर चौरस किलोमीटरला किमान ४०० माणसांची घनता.

माथेरानला ‘गिरिस्थान नगर परिषद’ आहे, म्हणून ते कायद्याने शहर आहे. नगरपरिषदांच्या १९६५ च्या कायद्यात थंड हवेच्या ठिकाणांसाठी वेगळी तरतूद आहे. महाबळेश्वर, पाचगणी, पन्हाळा, चिखलदरा यांचा कारभार याच नावाने चालतो. पण गंमत म्हणून कसोटीच्या वाटेने जाऊन पाहा. शेती नाही, म्हणजे दुसरी अट सहज पार. सात चौरस किलोमीटरला ४,३९३ माणसे धरली तर घनता सव्वासहाशेच्या घरात, म्हणजे तिसरीही पार. राहिली पहिली. २००१ मध्ये ५,१३९ माणसे होती, तेव्हा माथेरान तीही ओलांडत होते. २०११ मध्ये ते या रेषेखाली आले. एक इंचही शेती नसलेले गाव केवळ डोक्यांच्या संख्येत शहराच्या कसोटीला उतरेनासे झाले. कायद्याच्या आधारामुळे त्याची पाटी बदलली नाही, इतकेच.

ही रेषा कागदावरची आहे, पण लोकसंख्या कागदापुरती नसते. सरकारी अनुदाने, दवाखान्यातली पदे, शाळेतल्या शिक्षकांची संख्या या सगळ्यांच्या हिशेबात डोकी मोजली जातात. कचरा करणारे, पाणी वापरणारे, शौचकूप वापरणारे मात्र त्या चार हजारांच्या कितीतरी पट असतात. माथेरानची नगर परिषद पर्यटकांकडून दस्तुरी नाक्यावर प्रवासी कर घेते, तो यासाठीच. घर चार माणसांचे आणि पंगत रोज चाळीसची, अशी गावाची अवस्था आहे.

कोण मोजले गेले, कोण नाही?

२००१ आणि २०११ या दोन्ही गणती फेब्रुवारीत झाल्या आणि १ मार्चला पडताळल्या गेल्या. गणती माणसाच्या नेहमीच्या राहत्या ठिकाणी होते. हॉटेलात दोन दिवस उतरलेला पर्यटक त्याच्या घरी मोजला जातो. आता माथेरानचे तीन प्रकारचे लोक डोळ्यांपुढे आणा.

पहिले, पिढ्यान्‌पिढ्या माथ्यावर राहणारे. ते वहीत आहेत. दुसरे, हॉटेलात, दुकानांत काम करणारे बाहेरगावचे तरुण. त्यांतले बरेच एकटे येतात, कुटुंब गावी ठेवून. २००१ च्या आकड्यांत माथेरानात शंभरांत ५८ पुरुष आणि ४२ स्त्रिया होत्या. जन्माने असे प्रमाण पडत नाही. ते पोट भरायला आलेल्या पुरुषांमुळे पडते. अशा गावाची संख्या हंगामाबरोबर फुगते आणि ओसरते. एखादे हॉटेल बंद पडले, तर एका फटक्यात वीस-पंचवीस डोकी वहीतून उतरतात.

तिसरे, रोज पहाटे डोंगर चढून येणारे आणि संध्याकाळी उतरणारे. डोंगराच्या उतारावर आदिवासी वाड्या आणि धनगरवाडे आहेत. तिथले पुरुष ओझी वाहतात, घोडे हाकतात. बायका करवंदे, जांभळे, रानभाज्या, सरपण आणतात. माथेरान त्यांच्या पायांवर उभे आहे. पण ते वहीत खालच्या महसुली गावांत मोजले जातात. गाव त्यांच्या श्रमावर चालते आणि त्यांची नोंद मात्र दुसरीकडे असते. भाई कोतवालांची आठवण काढली ती यासाठी. त्यांना माथा आणि उतार हे एकच गाव दिसत होते. आपल्या आकड्यांना ते दोन दिसतात.

उतारावर राहणे काय असते, हे १९ जुलै २०२३ च्या रात्री साऱ्या महाराष्ट्राला कळले. याच डोंगरसमूहात इरशाळगडाच्या कुशीतली इरशाळवाडी दरडीखाली गेली. २७ मृतदेह सापडले आणि ५७ जण बेपत्ता राहिले. कातळावर बसलेली माती अतिवृष्टीने पाणी पिऊन जड होते आणि उतारावरून सुटते. वर सांगितलेला जांभा, कातळ आणि झरे यांचा धडा शाळेत चार गुणांचा असतो. वाडीत तो जिवाचा असतो.

माणसे का उतरली?

संख्या का घटली याचे एकच कारण सांगता आले असते तर सोपे झाले असते. लोक पटकन म्हणतात, “गाड्या जात नाहीत ना, म्हणून.” माथेरानात मोटारींना बंदी आहे. दस्तुरी नाक्यापाशी त्या थांबतात. पुढे बाजारपेठेपर्यंतचे दोन-तीन किलोमीटर पायी, घोड्यावरून, माणसाने ओढायच्या रिक्षातून किंवा अमन लॉजहून गाडीने. रुग्णवाहिकेसारखा अपवाद सोडला तर इंजिनाचा आवाज नाही. हे अवघड आहे, यात शंका नाही. पण पन्हाळा पाहा. तिथे थेट गडावर मोटारी जातात. तरी पन्हाळ्याची लोकसंख्या याच दशकात ३,४५० वरून ३,१२१ झाली. तेव्हा नुसता मोटारबंदीवर ठपका ठेवून भागत नाही.

दोन्ही ठिकाणी समान काय आहे? मर्यादित माथा. घर वाढवायला जागा नाही, असली तर परवानगी सोपी नाही. माथेरान आणि भोवतालचा सुमारे २१५ चौरस किलोमीटरचा टापू केंद्र सरकारने ४ फेब्रुवारी २००३ रोजी ‘पर्यावरणदृष्ट्या संवेदनशील क्षेत्र’ म्हणून जाहीर केला. बांधकामाला लगाम बसला. तो बसायलाच हवा होता. नाहीतर आज माथ्यावर झाडांऐवजी मजले दिसले असते. पण एका घरात दोन भाऊ, दोघांची लग्ने, मग चार मुले, असे झाले की एक भाऊ खाली नेरळला खोली घेतो. वर दुकान, खाली बिऱ्हाड. गणतीत तो माथेरानकर उरत नाही.

मुलांचे पुढचे शिक्षण खाली. मोठे आजारपण खाली. अडलेल्या बाळंतिणीला न्यायचे तेही खालीच. आईबाप विचार करतात की रोज जीव टांगणीला लावण्यापेक्षा खालीच राहिलेले बरे. यात पुन्हा वाहतुकीचा घोर. २६ जुलै २००५ च्या अतिवृष्टीत मिनी ट्रेनचा मार्ग जागोजागी वाहून गेला, तो २००७ मध्ये पूर्ववत झाला. २०१६ मध्ये डबे घसरल्यावर गाडी बंद झाली. २०१९ च्या पावसात मार्ग पुन्हा खचला आणि नेरळहून वरपर्यंतची पूर्ण सेवा ऑक्टोबर २०२२ मध्ये सुरू झाली. पावसाळ्यात नेरळ-अमन लॉज गाडी बंदच असते. ज्या गावाचा तांदूळसुद्धा खालून येतो, त्या गावाला या प्रत्येक तारखेचा अर्थ महागाई असा असतो.

ओढणारे हात

माथेरानच्या आकड्यांतला सर्वांत छोटा आकडा मला सर्वांत बोलका वाटतो. तो आहे ९४. माणसाने ओढायच्या हातरिक्षांचे एवढे परवाने गावात होते. एक जण पुढे ओढतो, मागून एक-दोघे ढकलतात. लाल मातीचा चढ, पावसात चिखल आणि बसलेला माणूस बहुधा चांगला वजनदार. म्हाताऱ्या गावकऱ्यांना, आजाऱ्यांना वर्षानुवर्षे याच रिक्षांनी दवाखान्यात पोचवले आहे. एका रिक्षावाल्या भाऊंना मी विचारले, “मुलगा हाच धंदा करणार का?” ते म्हणाले, “नाही साहेब, त्याची छाती शाबूत राहू द्या.”

सर्वोच्च न्यायालयाने मे २०२२ मध्ये ई-रिक्षांची चाचणी घ्यायला परवानगी दिली आणि डिसेंबर २०२२ मध्ये त्या माथेरानात धावल्या. ऑगस्ट २०२५ मध्ये न्यायालयाने माणसाने माणसाला ओढण्याची प्रथा सहा महिन्यांत थांबवावी, असा आदेश दिला. गुजरातेत केवडियाला केले आहे त्या धर्तीवर सरकारने ई-रिक्षा घेऊन त्या खऱ्याखुऱ्या हातरिक्षावाल्यांना भाड्याने द्याव्यात, असे सुचवले. वाटेवर बसवायच्या फरशांचा वादही याच निकालात आला. दस्तुरी नाक्यापासून शिवाजी महाराजांच्या पुतळ्यापर्यंतच्या मुख्य वाटेवर मातीचे पेव्हर ब्लॉक बसवायला मुभा मिळाली, आतल्या आणि जंगलातल्या वाटांना नाही.

हा वाद बाहेरच्याला क्षुल्लक वाटेल. मातीची वाट की फरशीची, यात काय एवढे? पण जांभ्याचा गुण आठवा. तो पाणी पितो. त्यावर सिमेंट ओतले की पाणी मुरायचे थांबते, वाहू लागते आणि उताराची माती घेऊन खाली जाते. दुसऱ्या बाजूला, चिखलाच्या चढावर रिक्षा किंवा आजाऱ्याची खुर्ची नेणाऱ्याला पाय रोवायला काहीतरी घट्ट हवे असते. एकाची वाट वाचली तर दुसऱ्याचा गुडघा जातो. घोडेवाल्यांना ई-रिक्षा पोटावर पाय वाटते, शाळेत जाणाऱ्या मुलांच्या आयांना ती देवासारखी वाटते. यातले कोणीही खोटे बोलत नाही. सात चौरस किलोमीटरवर सगळ्यांचे खरे एकाच वेळी मावत नाही, ही अडचण आहे.

पुढची गणती

२०२१ ची जनगणना कोविडमुळे झाली नाही. पुढच्या गणतीसाठी १ मार्च २०२७ ही संदर्भतारीख जाहीर झाली आहे. माथेरानचा नवा आकडा येईल, तेव्हा वृत्तपत्रांच्या कोपऱ्यात एक ओळ छापून येईल. तो ४,३९३ हून कमी असो वा जास्त, त्यावरून गाव ‘मागे पडले’ किंवा ‘प्रगती झाली’ असे घाईने ठरवू नये, एवढे माझे सांगणे आहे.

लहान गावाचा आकडा वाचताना तीन गोष्टी विचाराव्यात. गावाची जमीन किती माणसे पोसू शकते? मोजलेल्या माणसांखेरीज गाव आणखी कोणाच्या जिवावर चालते? आणि जे गेले ते हौसेने गेले की नाइलाजाने? माथेरानच्या बाबतीत पहिल्याचे उत्तर जांभा आणि तलाव देतात. दुसऱ्याचे उत्तर उतारावरच्या वाड्या देतात. तिसऱ्याचे उत्तर मात्र कुठल्याच वहीत सापडत नाही. त्यासाठी नेरळच्या एखाद्या चाळीत जाऊन, वर दुकान आणि खाली बिऱ्हाड असलेल्या घरात बसावे लागते.

झाडे राखली म्हणून माथेरान राहिले, यात वाद नाही. आता माणसे राखायची पाळी आहे. त्यासाठी माथ्यावर मोटारी आणायला नकोत आणि मजलेही चढवायला नकोत. बाराही महिने चालणारी भरवशाची गाडी, रात्री-अपरात्री उपयोगी पडणारा दवाखाना, मुलांना रोज खाली जाऊन परत येता येईल अशी सोय, आणि वाड्यांना दरडीच्या भीतीतून सोडवणारी जागा, एवढे मिळाले तरी पुष्कळ आहे. आपल्यापैकी जे पुढच्या सुट्टीत तिथे जाणार असतील, त्यांनी दस्तुरी नाक्यावर उतरल्यावर आपली बॅग उचलणाऱ्या माणसाला एकदा जरूर विचारावे, “भाऊ, राहता कुठे?” उत्तर बहुधा ‘माथेरान’ असे येणार नाही. आणि या गावाचा भूगोल तिथूनच समजायला लागतो.